एका नगाचा खर्च किती? खर्च आणि नफ्याच्या फलनांवरच्या प्रकल्प नोंदी

३ मार्च

हे काम हाती घेण्याचं कारण म्हणजे जुन्या तक्त्यातला एक रकाना: 'प्रति नग खर्च'. त्यात २३० हा आकडा कायमचा बसला आहे. उत्पादन साधं आहे, लॅपटॉप ठेवायचा पत्र्याचा घडीचा स्टँड. पत्र्याचे मापाने कापलेले तुकडे (ब्लँक) येतात, प्रेसवर बेंडिंग होतं, रिवेट मारतात, मग पावडर कोटिंग आणि पॅकिंग. विक्री २५० ला, म्हणजे तक्त्याच्या हिशेबाने नगामागे २० नफा.

आता एका ग्राहकाने २०० नग एकदम मागितलेत, भाव १८०. तक्ता सांगतो की नगामागे ५० जातील, एकूण १०,००० चा तोटा होईल, म्हणून नकार द्या. हे उत्तर मला पटत नाही. पण नुसतं पटत नाही म्हणून भागणार नाही. चूक नेमकी कुठे आहे ते कागदावर दाखवता आलं पाहिजे.

रकमांपुढे चलन लिहिणार नाही, हिशेबाला त्याची गरज नाही. खुणा ठरवून टाकल्या: न म्हणजे महिन्यात बनून विकले गेलेले नग, ख(न) एकूण खर्च, क(न) एका नगाची विक्री किंमत, प(न) एकूण प्राप्ती, फ(न) नफा.

४ मार्च

२३० कुठून आला ते सापडलं. दुसऱ्या महिन्यात ४०० नग झाले, एकूण खर्च ९२,०००. कुणीतरी भागाकार केला आणि तो आकडा तिथेच राहिला. पण त्या ९२,००० मध्ये जागेचं भाडं आहे, महिन्याचे पगार आहेत, प्रेसचा हप्ता आहे. ४०० ऐवजी ३०० नग केले म्हणून यातलं काही कमी होत नाही.

चार महिन्यांच्या नोंदी मिळाल्या. ३०० नगांना ८१,०००, ४०० नगांना ९२,०००, ४६० नगांना ९९,९०० आणि ५६० नगांना १,११,४००.

पहिल्या दोन बिंदूंतून रेषा काढली. नग १०० ने वाढले, खर्च ११,००० ने वाढला, म्हणून चढ ११०. मग ९२,००० − ११० × ४०० = ४८,०००.

ख(न) = ४८,००० + ११०न

दोन बिंदूंतून रेषा नेहमीच जाते, त्यामुळे एवढ्यावर विश्वास ठेवण्यात अर्थ नाही. उलट्या बाजूने पडताळलं. बिलांवरून एका चांगल्या नगाला माल ६०, मजुरी ३०, कोटिंग आणि रिवेट १२, पॅकिंग ८. बेरीज ११०. आता मला रेषा खरी वाटते, कारण एकदा ती वरच्या बेरजांतून आली आणि एकदा खालच्या बिलांतून, आणि दोन्हीकडे तोच आकडा निघाला.

५ मार्च

सरासरी खर्च म्हणजे ख(न)/न, म्हणजेच ४८,०००/न + ११०. न = १०० ला ५९०, २०० ला ३५०, ४०० ला २३०. आलेख वर उंच सुरू होऊन ११० च्या दिशेने उतरत जातो, पण ११० ला कधीच टेकत नाही.

म्हणजे 'एका नगाचा खर्च २३०' हे वाक्य अर्धवट आहे. '४०० नग केले तर' हे शब्द त्यातून गळाले आहेत. आणि ते गळाले की माणूस ४०१ व्या नगालाही २३० लावतो, जो प्रत्यक्षात ११० मध्ये होतो. तक्त्याचा सगळा दोष मला इथे दिसतो. एका चलावर अवलंबून असलेली गोष्ट त्यात स्थिरांक म्हणून कोंबली आहे.

२५० ही किंमत कायम धरली तर ना नफा ना तोटा बिंदू: २५०न = ४८,००० + ११०न, म्हणून न = ३४२.८६. अर्धा स्टँड विकता येत नाही. ३४२ ला १२० तोटा, ३४३ ला २० नफा. उत्तर ३४३. इथे जवळच्या पूर्णांकाकडे न जाता नेहमी वरच्याकडे जायचं.

७ मार्च

तिसरा आणि चौथा महिना रेषेवर बसत नाहीत.

४६० नगांना रेषेप्रमाणे ९८,६०० यायला हवेत, नोंद ९९,९०० ची. फरक १,३००. बिल सापडलं, डायला (प्रेसमधल्या साच्याला) धार लावून घेतली होती. हा खर्च दर महिन्याचा नाही आणि दर नगाचाही नाही, साधारण १,३०० नगांनंतर एकदा येतो. आलेख काढला तर पायऱ्या दिसतील. नगामागे १ पडतो. या आवृत्तीत तो बाहेर ठेवतो, पुढच्या कामांच्या यादीत टाकला.

५६० नगांना यायला हवेत १,०९,६००, नोंद १,११,४०० ची. फरक १,८००, आणि यासाठी कुठलंही वेगळं बिल नाही. दुपारभर हेच शोधत होतो. शेवटी प्रेसवरच्या दादांना विचारलं. ते म्हणाले, "महिन्याला पाचशे नग आमच्या वेळेत निघतात. पुढचे ओव्हरटाइमचे. त्याला मजुरी दुप्पट." मजुरी ३० ची ६०. पाचशेच्या पुढचे नग ६०, त्यावर जादा ३०. साठ गुणिले तीस, १,८००. कागदावरचा फरक आणि दादांचं वाक्य इतकं नेमकं जुळलं की मी ती बेरीज दोनदा केली.

८ मार्च

आता फलन दोन तुकड्यांत लिहायचं. सकाळी चुकीचं लिहिलं होतं, म्हणून नोंदवून ठेवतो: पाचशेच्या पुढे ४८,००० + १४०न. हे लिहिलं की न = ५०० ला खर्च १,०३,००० वरून एकदम १,१८,००० वर उडी मारतो. जणू पाचशेएकावा नग केला की आधीच्या पाचशे नगांनाही ओव्हरटाइम द्यावा लागतो. दुप्पट मजुरी फक्त पुढच्या नगांना आहे, म्हणून:

० ≤ न ≤ ५०० : ख(न) = ४८,००० + ११०न
५०० < न ≤ ७०० : ख(न) = १,०३,००० + १४०(न − ५००)

७०० ही प्रेसची कमाल मर्यादा. दुसरा तुकडा सोडवला की ३३,००० + १४०न होतो. सोपं रूप आहे, पण फसवं. ३३,००० पाहून कुणालाही वाटेल की पाचशेच्या पुढे स्थिर खर्च कमी झाला. तो ४८,००० च आहे. ३३,००० म्हणजे तीच तिरकी रेषा मागे शून्यापर्यंत ताणली तर उभ्या अक्षाला जिथे छेदेल ती जागा, आणि तिथे हा तुकडा लागूच नाही. तक्त्यात म्हणून पहिलं रूप ठेवतो.

अजून एक गोष्ट. पाचशेच्या पुढे प्रत्येक नग १४० ला पडतो, तरी सरासरी खर्च उतरतच राहतो: ५०० ला २०६, ७०० ला सुमारे १८७. नवा नग चालू सरासरीपेक्षा स्वस्त असेल तोवर सरासरी खालीच जाणार. सरासरी उतरते आहे म्हणून ओव्हरटाइम फायद्याचा, असं मात्र कुणी वाचू नये. त्यासाठी १४० ची तुलना त्या नगाने आणलेल्या पैशाशी करायची.

१० मार्च

रिजेक्शन. वर माल ६० लिहिला, पण ब्लँकचा भाव ५७.६ आहे. १०० पैकी ४ बेंडिंगलाच तडकतात आणि भंगारात जातात. एक चांगला नग मिळवायला १/०.९६ ब्लँक लागतात, म्हणून ५७.६/०.९६ = ६०. जुन्या तक्त्यात ५७.६ × १.०४ = ५९.९ केलं होतं. चार टक्क्यांना फरक नगण्य वाटतो. रिजेक्शन २० टक्क्यांवर गेलं तर भागाकार ७२ सांगतो आणि गुणाकार ६९.१२. गुणाकाराची रेषा सरळ आहे, खरा आलेख वर वळत जातो. रिजेक्शन वाढेल तसा प्रत्येक पुढचा टक्का आधीच्या टक्क्यापेक्षा महाग पडतो.

(मजुरी आणि कोटिंग फक्त चांगल्या नगांना, म्हणून ते आकडे तसेच राहतात.)

शिकण्याच्या वक्राचाही विचार करून पाहिला. विमान अभियंते टी. पी. राइट यांनी १९३६ मध्ये विमानांच्या उत्पादनावरून मांडलं की एकूण बनवलेली संख्या दुप्पट झाली की लागणारी मजुरी ठरावीक प्रमाणात घटते. ८० टक्क्यांचा वक्र घेतला तर पहिल्या नगाला २० मिनिटं, दुसऱ्याला १६, चौथ्याला १२.८, आठव्याला १०.२४. सूत्रात न चा घात येतो सुमारे −०.३२२, आणि तो अपरिमेय आहे, त्यामुळे हे काटेकोरपणे बैजिक फलन नाही. ते बाजूला ठेवण्याचं कारण मात्र निराळं आहे. इथे मजुरी नगावर आहे. हात बसला की कारागिराचा वेळ वाचतो, खर्चाचा आकडा हलत नाही. मजुरी तासावर असती तर हा वक्र घ्यावाच लागला असता.

१३ मार्च

खर्चाची बाजू झाली. किंमत अजून २५० वर गोठलेली होती, आणि हीही तीच चूक आहे. चार महिन्यांत भाव बदलत होते: २७५ ला ३००, २५० ला ४००, २३५ ला ४६०, २१० ला ५६०. चारही बिंदू एका रेषेवर येतात:

क(न) = ३५० − न/४

याचा अर्थ ३५० ला एकही नग विकला जाणार नाही असा मी घेत नाही. ३०० नगांच्या खाली आमच्याकडे एकही नोंद नाही, तिथे ही रेषा नुसती लांबवलेली आहे. मधल्या पट्ट्यात ती वापरायला माझी हरकत नाही.

किंमत आणि मागणी यांचं नातं फलन म्हणून मांडायचं आणि त्यातून सर्वाधिक नफा शोधायचा, ही रीत फ्रेंच गणिती ऑग्युस्तँ कुर्नो यांनी १८३८ मध्ये घालून दिली. त्यांचं उदाहरण खनिज पाण्याच्या झऱ्याचं होतं, जिथे उत्पादनाला खर्चच नाही. आपल्याकडे खर्च आहे, एवढाच फरक.

प(न) = ३५०न − न²/४
फ(न) = −न²/४ + २४०न − ४८,०००, न ≤ ५००

कलन (कॅलक्युलस) न वापरता, पूर्ण वर्ग करून:

फ(न) = ९,६०० − (न − ४८०)²/४

हे रूप मला फार आवडतं, कारण सगळं त्यात उघड दिसतं. वर्ग ऋण होत नाही, म्हणून ९,६०० च्या वर नफा जाणार नाही, आणि तो न = ४८० ला मिळतो. किंमत ३५० − १२० = २३०. पडताळा: ४८० × २३० = १,१०,४००, खर्च १,००,८००, नफा ९,६००. योगायोगाने किंमत तक्त्यातल्या 'खर्चा'एवढीच आली. तक्ता समोर ठेवणारा माणूस या किमतीला कधीच तयार झाला नसता, आणि नेमका इथेच सर्वाधिक नफा आहे.

दुसरं म्हणजे ४८० पासून २० नग इकडेतिकडे झाले तर २०²/४ म्हणजे फक्त १०० कमी होतात. १०० नग कमी झाले तर २,५००. या फलनाचा आलेख म्हणजे अन्वस्त, आणि तो शिरोबिंदूपाशी, म्हणजे टोकाशी, सपाट असतो, तिथे नगानगाची चिंता करायची गरज नाही.

१४ मार्च

शिरोबिंदूच्या सूत्रात ४८,००० कुठेच नाही. २४० भागिले १/२, बस. यावर सहकाऱ्याशी बराच वेळ बोलणं झालं. तिचं म्हणणं, "भाडं ५,००० नी वाढलं तर किंमत वाढवायलाच हवी ना?" मी सूत्र पुढे केलं: अन्वस्त अख्खाच्या अख्खा ५,००० ने खाली सरकतो, डावी-उजवीकडे हलत नाही. नफा ४,६०० राहील, पण तो मिळतो ४८० नगांना आणि २३० लाच. किंमत वाढवली तर आणखी कमी. तिला पटायला वेळ लागला, आणि ते साहजिक आहे. वाढलेला खर्च कुणाकडून तरी वसूल करावा असं मन म्हणतं.

मग माल नगामागे १० ने महागला तर? २४० च्या जागी २३०, न = ४६०, किंमत २३५. खर्च १० ने वाढला आणि किंमत ५ नेच वाढवायची. मागणीची रेषा सरळ असेल तर हे नेहमी निम्मंच येतं, आणि ते अक्षरं वापरून सिद्ध करून पाहिलं. नफा ४,९०० होतो.

दोन्ही उदाहरणांत नफा जवळजवळ सारखाच घसरला, पण एकात काहीच बदलायचं नाही आणि दुसऱ्यात नगही बदलायचे, किंमतही. एकूण खर्चाचा एकच आकडा पाहणाऱ्याला हा भेद दिसूच शकत नाही.

१७ मार्च

चूक दुरुस्त. नफा शून्य कुठे होतो ते काढताना वर्गसमीकरण न² − ९६०न + १,९२,००० = ० सोडवलं. मुळं २८४.०४ आणि ६७५.९६. अहवालात '२८५ ते ६७५ नगांपर्यंत नफा' असं लिहून मोकळा झालो. ६७६ च्या आसपास तर दुसरा तुकडा लागू आहे! ते मूळ समीकरणाचं आहे, आपल्या प्रश्नाचं नाही.

दुसऱ्या तुकड्यावर फ(न) = −न²/४ + २१०न − ३३,०००. मुळं ४२० ± २१०.७१. त्यातलं ६३०.७१ हे ५०० ते ७०० मध्ये बसतं. ६३० ला नफा ७५, ६३१ ला तोटा ३०. खरी हद्द २८५ ते ६३०. पंचेचाळीस नगांची चूक होती, आणि ती बेरीज-वजाबाकीची नव्हती. उत्तर ज्या तुकड्यातून आलं त्याच तुकड्यात पडतं का, हे न बघितल्याची होती. आता तक्त्यात प्रत्येक मुळापुढे ही तपासणी आपोआप होते.

या दुसऱ्या अन्वस्ताचा शिरोबिंदू न = ४२० ला आहे, म्हणजे त्याच्या स्वतःच्या तुकड्याबाहेर. म्हणून तो सोडून दिला. पाचशेच्या पुढे नफा फक्त उतरतो.

१९ मार्च

ब्लँक पुरवणाऱ्याची अट नव्याने कळली: ६०० किंवा जास्त घेतले तर सगळ्याच ब्लँकना ५४ चा भाव. ओव्हरटाइमच्या उलट, इथे उडी खरी आहे. ५९९ ब्लँक ३४,५०२.४ ला, ६०० ब्लँक ३२,४०० ला. ३२,४०० ला ५७.६ ने भागलं की ५६२.५. म्हणजे ५६३ ते ५९९ पैकी कितीही लागणार असले तरी ६०० घेणंच स्वस्त. चौथ्या महिन्यात सुमारे ५८३ घेतले होते. ६०० घेतले असते तर जवळपास १,२०० वाचले असते आणि वर १७ ब्लँक शिल्लक राहिले असते.

२१ मार्च

आता ज्यासाठी हे सुरू केलं ती मागणी. २०० नग, भाव १८०. हा ग्राहक आपल्या नेहमीच्या बाजारातला नाही, म्हणून नेहमीच्या किमतीवर परिणाम होणार नाही असं धरतो. हे गृहीतक चुकलं तर खालचं सगळं चुकेल, म्हणून अहवालात ते पहिल्या ओळीत लिहिलं.

आधी नेहमीचे नग पूर्वीप्रमाणे ४०० च ठेवले. एकूण ६००. ख(६००) = १,१७,०००. प्राप्ती १,००,००० + ३६,००० = १,३६,०००. नफा १९,०००, नाहीतर ८,००० राहिला असता. म्हणजे ११,००० ची भर, जिथे तक्ता १०,००० चा तोटा सांगत होता. शंभर नग ११० ला पडले आणि शंभर १४० ला. १८० या दोन्हींच्या वर आहे.

मग वाटलं, नेहमीचे नग तर आता ४८० करायचे ठरलंय. तसं केलं तर नफा १८,२००. कमी झाला! दोनदा तपासलं. नंतर उमगलं: २०० नग आधीच घेतल्यावर शेवटचा नग ११० चा राहत नाही, तो १४० चा होतो. त्यामुळे नेहमीच्या बाजारासाठीही हिशेब बदलतो:

फ(न) = −न²/४ + २१०न − २५,०००

शिरोबिंदू ४२०, किंमत २४५, नफा १९,१००. चार दिवसांपूर्वी तुकड्याबाहेर म्हणून टाकून दिलेला ४२० परत आला. एकूण नग ६२०, पाचशेच्या पुढे, म्हणून या वेळी तो आपल्या जागी आहे. हे पाहून खूप आनंद झाला.

ब्लँकची सूट धरली तर माल ५६.२५, शेवटचा नग १३६.२५ आणि शिरोबिंदू ४२७.५ ला. ४२७ आणि ४२८ दोन्हींना नफा सुमारे २१,४३९. ४२० वरच थांबलो तर २१,४२५. १४ साठी किंमत बदलत बसणार नाही, २४५ ठेवतो.

२४ मार्च

मागणी स्वीकारावी असं लिहून दिलं: २०० नग १८० ला, नेहमीचे ४२० नग २४५ ला. ब्लँक ६५० मागवायचे. ६२० नगांना ६४६ लागतील, चार जास्तीचे.

तक्त्यातून 'प्रति नग खर्च' हा रकाना काढला. त्या जागी आता दोन रकाने आहेत, 'इतक्या नगांना सरासरी' आणि 'पुढचा नग', आणि वर नगांची संख्या भरल्याशिवाय दोन्ही कोरे राहतात. बाकी: डायच्या धारेची पायरी घालायची, आणि ओव्हरटाइममध्ये रिजेक्शन ४ टक्केच राहतं का ते दादांकडून पुढच्या महिन्यात मोजून घ्यायचं.